एका हाडावरून दीडशे किलोचा पेंग्विन? वजन मानायचं, उंची सोडून द्यायची

तुमचा प्रश्न थोडक्यात असा, की मुलाच्या शाळेच्या प्रोजेक्टसाठी शोधताना "माणसाएवढा उंच, १५४ किलोचा पेंग्विन न्यूझीलंडमध्ये सापडला" अशी बातमी मिळाली, फोटोत मात्र दगडात रुतलेली मोडकी हाडं दिसली, तर एवढ्यावरून वजन, उंची, रंग सगळं कसं कळतं की शास्त्रज्ञ लोक ठोकून देतात? आणि मुलाचे दोन जास्तीचे प्रश्न, तो बर्फात राहायचा का, आणि एवढा मोठा होता तर संपला कसा.

ठोकून देत नाहीत, पण बातमीतले सगळे आकडे सारख्या लायकीचे नसतात हेही खरं. वजनाचा आकडा बऱ्यापैकी भरवशाचा, उंचीचा कच्चा, आणि रंग तर ह्या पेंग्विनच्या बाबतीत चित्रकाराच्या मनातला. मी पक्ष्यांच्या हाडांवर काम करते, जीवाश्म दगडातून मोकळे करणं, मोजणं, आजच्या पक्ष्यांच्या हाडांशी ताडून बघणं हाच धंदा, त्यामुळे जरा लांबण लागेल, चहा घेऊन बसा.

तर बातमीतला प्राणी म्हणजे कुमिमानू फोर्डायसी. जीवाश्म पक्ष्यांचे अभ्यासक डॅनियल क्सेप्का, न्यूझीलंडच्या टे पापा म्युझियमचे अ‍ॅलन टेनिसन आणि इतरांनी मिळून २०२३ मध्ये त्याचं शास्त्रीय वर्णन छापलं. न्यूझीलंडच्या साउथ आयलंडवर नॉर्थ ओटागो भागात हॅम्पडेन नावाचा किनारा आहे, तिथे मोएराकी फॉर्मेशन म्हणतात ते खडक उघडे पडलेत, त्यातले गोलसर टणक दगड समुद्र हळूहळू सोडवून बाहेर काढतो आणि लाटांनी ते फुटतात. २०१६-१७ च्या सुमाराला टेनिसन यांना अशा फुटलेल्या दगडांत हाडं दिसली. खडकाचं वय साधारण ५.५५ ते ५.९५ कोटी वर्षं, आणि हे वय पेंग्विनच्या हाडावरून काढलेलं नाही, अशा समुद्री खडकात अतिसूक्ष्म शैवालांचे, म्हणजे डायनोफ्लॅजेलेटचे अवशेष असतात, कुठल्या काळात कुठल्या जाती होत्या ह्याचा क्रम जगभर जुळवलेला आहे, त्यावरून खडक कुठे बसतो ते ठरतं.

एक गोष्ट बातम्यांत मागे पडली म्हणून सांगते, त्या पेपरमध्ये एकच पेंग्विन नाही, नऊ नमुने आहेत. त्यातला सगळ्यात मोठा तो हा. पाच नमुने दुसऱ्या नव्या जातीचे, पेट्राडिप्टिस स्टोनहाउसी, आजचा सगळ्यात मोठा पेंग्विन जो एम्परर, त्याच्यापेक्षा थोडा मोठा. आणि दोन छोटी हाडं अजून नाव न दिलेल्या लहान पेंग्विनची. म्हणजे एकाच काळात, एकाच समुद्रात लहान, मध्यम, अगडबंब असे तिन्ही साइजचे पेंग्विन. मला विचाराल तर १५४ किलोपेक्षा ही बातमी मोठी आहे, पण हेडलाइन होत नाही त्याची.

आता हाडं पेंग्विनचीच कशावरून? आपण चिकन खाताना तंगडीचं हाड मोडतो, आत पोकळ नळी आणि भिंत पातळ. उडणाऱ्या पक्ष्याचं तर त्याहून हलकं. पेंग्विनच्या पंखातलं हाड हातात घेतलंत तर पहिला धक्का वजनाचा बसतो, आत पोकळी जवळजवळ नाहीच, भरीव, जड, कारण पाण्यात बुडी मारायची तर तरंगणं परवडत नाही. आणि आकार चपटा. खांद्यापासून कोपरापर्यंतचं हाड, ह्युमरस, आपल्या हातात गोल दांड्यासारखं असतं, पेंग्विनचं फळीसारखं दाबलेलं असतं, खांद्याकडच्या टोकाला मागच्या बाजूने एक खोल खड्डा असतो, त्यात बोटाचं टोक अडकतं. कोपराकडे दोन-तीन तिरक्या कडा असतात, त्यांच्यामधून स्नायूंच्या दोऱ्या सरकतात. दगडातून हाडाची एवढी कड जरी बाहेर आलेली असली तरी अनुभवी माणूस लगेच ओळखतो. १८५९ मध्ये थॉमस हेन्री हक्सली यांनी जगातला पहिला जीवाश्म पेंग्विन, पॅलीयुडिप्टिस अंटार्क्टिकस, पायाच्या एका हाडावरून नोंदवला, तेही न्यूझीलंडचंच, काकानुईचं. घोट्याखालचं ते हाड इतर पक्ष्यांत लांबडं नि सडपातळ असतं, पेंग्विनमध्ये आखूड आणि रुंद, वर दोन खाचा, कशाशीही गल्लत होत नाही.

साफसफाईचं काम मात्र चिकट. असे दगड सिमेंटसारखे कडक असतात, तिथे छिन्नी-हातोडी फार पुढे नेत नाही. एअर स्क्राइब म्हणून पेनाएवढं अवजार असतं, दाबाखालच्या हवेवर त्याची सुई थरथरते, मायक्रोस्कोपखाली बघत बघत हाडाला लागून असलेला दगड कण कण उडवायचा, मध्ये हाडाला तडा दिसला की पॅरालॉइड नावाच्या डिंकासारख्या चिकट पदार्थाचं पातळ द्रावण सोडायचं, सुकू द्यायचं, मग पुढे. हे सांगायचं कारण म्हणजे मापात येणारा मिलिमीटरचा फरक इथेच तयार होतो, किनाऱ्यावर लाटांनी टोक झिजवलेलं असतं, दगड काढताना पापुद्रा जातो, आणि मग पुढे वजनाच्या हिशेबात तो फरक कसा फुगतो ते बघा.

वजन काढायची पद्धत अशी. आजचे पेंग्विन घ्यायचे, साधारण एक किलोच्या लिटल पेंग्विनपासून एम्परर पेंग्विनपर्यंत, म्हणजे २२ ते ४५ किलोच्या आसपास. म्युझियममधली त्यांची हाडं मोजायची, जिवंतपणीची वजनं नोंदलेली असतात ती घ्यायची, आणि हाडाचं माप विरुद्ध वजन असा ग्राफ काढायचा, दोन्ही अक्ष लॉगरिदमचे, म्हणजे प्रत्येक घराला आकडा ठरावीक पटीने वाढतो असे. ठिपके एका सरळ रेषेच्या आसपास छान बसतात. मग जीवाश्माचं माप त्या रेषेवर धरायचं आणि वजन वाचायचं. बस्स, जादू काही नाही. कुमिमानू फोर्डायसीसाठी दोन मापं वापरली, ह्युमरसची लांबी आणि त्याच्या खांद्याकडच्या टोकाची रुंदी. लांबीवरून आलं १४८.० किलो, रुंदीवरून १५९.७ किलो. बातमीतला १५४ म्हणजे ह्या दोघांच्या मधला आकडा. पेपरमध्ये प्रत्येकाला वर-खाली किती सूट तेही दिलंय, पहिल्याला साधारण १३२ ते १६५, दुसऱ्याला १४३ ते १७९. बातमीत ही सूट कापून टाकतात आणि एकच गुळगुळीत आकडा छापतात, मग वाचणाऱ्याला वाटतं काट्यावर ठेवून वजन केलं की काय.

ह्या वर-खालच्या सुटीत काय येतं आणि काय येत नाही हे समजून घेणं महत्त्वाचं. वजन लांबीच्या घनाने वाढतं, सगळीकडून दुप्पट मोठा प्राणी आठपट जड. म्हणजे हाडाच्या मापात पाच टक्के चूक झाली तर वजनात सोळा टक्क्यांच्या आसपास चूक. म्हणून तर टोक झिजलेलं हाड मोजताना आम्ही एवढा कीस पाडतो. पण त्याहून मोठी भानगड वेगळीच आहे, ठिपके संपतात ४० किलोच्या आसपास आणि आपण रेषा ओढत नेतोय १५० पर्यंत. तिथे एकही जिवंत पेंग्विन नाही तपासायला. रेषा तशीच सरळ जाईल हे गृहीत धरावं लागतं. शिवाय ह्या पॅलिओसीन काळातल्या, म्हणजे डायनोसॉर संपल्यावर लगेचच्या काळातल्या, पेंग्विनचे पंख अजून पुरते आजच्यासारखे झालेले नव्हते, हाडं तुलनेने सडपातळ, स्नायू चिकटायच्या जागा उडणाऱ्या पक्ष्यांशी जास्त मिळत्याजुळत्या. मग आजच्या पंखावरून काढलेली रेषा त्या पंखाला किती लागू? हा प्रश्न सांख्यिकीच्या सुटीत येत नाही, तो डोक्यात ठेवून वाचायचा असतो.

आणि मुळात "पेंग्विनचं वजन" हीच भानगडीची गोष्ट आहे. एम्परर नर जोडी जमवण्यापासून पायांवरचं अंडं उबवून होईपर्यंत जवळजवळ चार महिने उपाशी असतो, तेवढ्यात त्याचं जवळपास निम्मं वजन उतरू शकतं. मग त्याचं खरं वजन कुठलं, आधीचं की नंतरचं? हाडाला ह्यातलं काही कळत नाही, हाड तेवढंच. तेव्हा १५४ म्हणजे "ह्या हाडाच्या मापाचा पेंग्विन साधारण तब्येतीत असता तर" एवढाच अर्थ.

एवढं सगळं बोलून झाल्यावरही मी म्हणेन की वजनाचा आकडा मानायचा. कारण दोन वेगवेगळ्या मापांनी जवळपास एकच उत्तर दिलं, आणि अगदी खालची सूट पकडली, १३२ किलो, तरी तो आजच्या सगळ्यात जाड्या एम्पररच्या तिप्पट जवळ जातो. "महाकाय होता का" ह्या प्रश्नाचं उत्तर कुठल्याही टोकाने बदलत नाही. फक्त "आजवरचा सगळ्यात मोठा" ह्याच्यापुढे पेपरमध्येही "असावा" आहे, "आहे" नाही, प्रोजेक्टमध्ये तसंच लिहायला सांगा.

आता उंची. इथे मी हात जोडते. ह्याच किनाऱ्यावरचा, २००४ मध्ये मिळालेला आणि २०१७ मध्ये नाव दिलेला भाऊबंद कुमिमानू बायसी, त्याचं वजन काढलं साधारण १०१ किलो आणि लांबी १.७७ मीटर. ही लांबी पोहतानाची, म्हणजे मान सरळ, अंग आडवं ताणलेलं. बातम्यांत तो झाला "पावणेसहा फूट उंच, माणसाच्या खांद्याला खांदा लावून उभा". तसंच अंटार्क्टिकाजवळच्या सीमोर बेटावरचा पॅलीयुडिप्टिस क्लेकोव्स्की, अर्जेंटिनाच्या कॅरोलिना अकोस्टा होस्पितालेचे यांनी २०१४ मध्ये त्याचा एक मोठा नमुना मांडला, घोट्याखालचं हाड ९.१ सेंटिमीटर लांब, वजन ११५ किलोच्या आसपास. त्याची सांगितली जाणारी दोन मीटर लांबी म्हणजे चोचीच्या टोकापासून पायाच्या बोटापर्यंत. उभा राहिला की बराच कमी.

का कमी ते बघायला मुलाला भायखळ्याला राणीच्या बागेत न्या. तिथे २०१६ मध्ये सोलहून आणलेले हम्बोल्ट पेंग्विन आहेत, काचेतून पोहताना दिसतात आणि बाहेर उभेही दिसतात. आधी उभा असलेला बघा, मान आखूड, पाय तर नुसते पंजेच वाटतात. मग तोच मान लांब करून पाठ साफ करायला लागला की मान अचानक दीडपट होते, कारण एरवी ती आत वळलेली असते, पिसांच्या खाली दिसत नाही. पायांचंही तसंच, मांडीचं हाड जवळपास आडवं, गुडघा अंगाच्या आत, आपल्याला दिसतो तो फक्त घोट्याखालचा भाग. आता त्याला पाण्यात बघा, एकदम लांबुळका. एकाच पक्ष्याची दोन मापं तुमच्या डोळ्यासमोर. जीवाश्माच्या बाबतीत मान किती वळलेली, मांडी किती आडवी हे सगळं अंदाजाने धरायचं, वर मणके बहुतेक वेळा गायब. वजन पाचपट म्हणून उंची पाचपट असंही नसतं, ३० किलोच्या एम्पररपेक्षा पाचपट जड प्राणी अगदी त्याच ठेवणीचा असला तर ५ चं घनमूळ घ्यायचं, म्हणजे जेमतेम १.७ पट उंच.

आणि ठेवण तीच असते असं तरी कुठेय? न्यूझीलंडच्याच काव्हिया बंदरात २००६ मध्ये हॅमिल्टनच्या एका निसर्ग क्लबच्या शाळकरी मुलांना सहलीत एक पेंग्विन सापडला (हे तुमच्या मुलाला नक्की सांगा, शास्त्रज्ञांना नाही, पोरांना सापडला), २०२१ मध्ये त्याला काइरुकू वेवेरोआ नाव मिळालं, साधारण २.७ ते ३.५ कोटी वर्षांपूर्वीचा. त्याचा सांगाडा बराच शाबूत होता आणि पाय नात्यातल्या इतर पेंग्विनपेक्षा लांब निघाले. म्हणजे पायाचं हाड हाती नसतं आणि पंखावरून उंची काढली असती तर तो बुटका ठरला असता. सांगाडा अर्धवट असताना उंची सेंटिमीटरमध्ये सांगितलेली दिसली की मी तो आकडा वाचून पुढे जाते.

रंगाचं लवकर संपवते. पेरूच्या पाराकास भागात ३.६ कोटी वर्षांपूर्वीचा इंकायाकू पाराकासेन्सिस मिळाला, २०१० मध्ये ज्युलिया क्लार्क आणि त्यांच्या टीमने छापला, त्याच्या पिसांचे ठसे टिकले होते. पिसांत रंगाच्या सूक्ष्म पुड्या असतात, मेलॅनोसोम, त्यांच्या आकारावरून रंग काढता येतो, आणि तो निघाला राखाडी नि तांबूस तपकिरी. गंमत म्हणजे आजच्या पेंग्विनचे मेलॅनोसोम मोठे नि गठ्ठ्याने असतात, इंकायाकूचे इतर पक्ष्यांसारखे छोटे. म्हणजे काळा कोट, पांढरा शर्ट हा थाट सगळ्या पेंग्विनचा पहिल्यापासून नव्हता. कुमिमानूचं पीस मिळालेलं नाही, तेव्हा चित्रात त्याला काळा-पांढरा रंगवलाय तो चित्रकाराचा हक्क. मुलाने जांभळा केला तरी कोणी खोडू शकत नाही, बाई मार्क कापतील एवढंच.

बर्फात नव्हताच. त्या काळात पृथ्वी आजच्यापेक्षा खूप गरम, ध्रुवांवर आजच्यासारख्या बर्फाच्या चादरी नाहीत, अंटार्क्टिकावर मोठी हिमचादर बसली ती ३.४ कोटी वर्षांपूर्वीच्या आसपास, म्हणजे कुमिमानूनंतर दोन कोटी वर्षांनी. बर्फावरचा एम्परर ही ह्या घराण्यातली अगदी अलीकडची शाखा, पण कार्टूनवाल्यांनी सगळ्यांना बर्फावर बसवून ठेवलंय. मोठ्या अंगाचा फायदा गरम समुद्रातही असतोच, उष्णता हळू जाते, श्वास जास्त वेळ पुरतो, खोल जाता येतं, मोठा मासा गिळता येतो.

एवढ्या लवकर एवढे मोठे कसे झाले हा भाग मला स्वतःला सगळ्यात आवडतो. ६.६ कोटी वर्षांपूर्वी, आपल्याकडे दख्खनचे लाव्हा वाहत होते त्याच सुमाराला, उल्का आदळली आणि डायनोसॉरांसोबत समुद्रातले मोसासॉर, प्लेसिओसॉर असले मोठे शिकारीही संपले. वरच्या जागा रिकाम्या. न्यूझीलंडमधल्याच वाइपारा नदीकाठचा वाइमानू साधारण ६.१ कोटी वर्षांपूर्वीचा, तोपर्यंत पेंग्विनांनी उडणं सोडून दिलं होतं. आणि त्यानंतर पंधराएक लाख ते पन्नासेक लाख वर्षांत कुमिमानू. उडायचं असलं की वजनाला वरून झाकण असतं, ते एकदा निघालं की पक्षी भराभर वाढतो. म्हणजे आधी अंग वाढलं, पंख पोहण्यासाठी घोटून घोटून नीट झाला तो नंतर. बहुतेक लोकांना क्रम उलटा वाटतो.

आता संपले कसे. पाठ्यपुस्तकी उत्तर असं की देवमासे, डॉल्फिन, सील आले आणि त्यांनी मोठ्या पेंग्विनांचं अन्न नि जागा खाल्ली. ह्यात तथ्य आहे पण तारखा मांडल्या की ते एवढं सरळ राहत नाही. कुमिमानूच्या काळात देवमासे नव्हतेच, त्यांचे पूर्वज नंतर, पाच कोटी वर्षांपूर्वीच्या आसपास आपल्याच उपखंडाच्या किनाऱ्यावर पाण्यात उतरत होते, कच्छमधून अशा सुरुवातीच्या देवमाशांचे जीवाश्म मिळालेत, अशोक साहनी आणि मिश्रा यांनी १९७५ मध्ये त्यांचं वर्णन केलं होतं. नंतर ते जगभर पसरले, सीमोर बेटाच्या खडकात तर आदिम देवमासे आणि शंभर किलोचे पेंग्विन दोन्ही मिळतात. काइरुकूसारखे मोठे पेंग्विन अगदी २.७ कोटी वर्षांपूर्वीपर्यंत होते. एवढा काळ शेजारी नांदले, तर नुसतं "देवमासे आले आणि संपले" म्हणून भागत नाही. मला दातवाल्या देवमाशांच्या नंतरच्या प्रकारांचा आणि सीलचा मुद्दा जास्त पटतो, सील तर किनाऱ्यावरही गर्दी करतात, म्हणजे अंडी घालायच्या जागेवरच भांडण. पण समुद्राचे प्रवाह आणि तापमानही त्याच काळात बदलत होतं, आणि हे सगळं वेगवेगळं काढून दाखवणं अवघड आहे. प्रोजेक्टमध्ये "एक कारण" असा रकाना असेल तर दोन लिहा.

फोर्डायसी हे नाव ओटागो विद्यापीठाचे इवान फोर्डायस यांच्यावरून. त्यांनी आयुष्यभर न्यूझीलंडचे जीवाश्म पेंग्विन आणि देवमासे दोन्ही खणले, पेपर आला त्याच वर्षी, २०२३ मध्ये ते गेले. आजचे ह्या क्षेत्रातले बरेच लोक त्यांच्या हाताखालून गेलेले. पेट्राडिप्टिसचं नाव ज्या बर्नार्ड स्टोनहाउस यांच्यावरून, त्यांनी एम्पररचं अंड्यापासून पिल्लापर्यंतचं चक्र पहिल्यांदा पूर्ण बघितलं.

शेवटचं, मुलगा विचारेलच की ह्याहून मोठा असू शकतो का. असू शकतो. १५४ हा आकडा जातीचा नाही, एका पक्ष्याचा आहे. तो नर की मादी, त्याच्या वस्तीत तो सरासरी होता की दांडगा की उलट लहानखुरा, हे एका नमुन्यावरून सांगता येत नाही, त्याला एकाच जातीचे दहा-वीस सांगाडे लागतात. पेट्राडिप्टिसचे निदान पाच तरी आहेत. कुमिमानू फोर्डायसीसाठी अजून दगड फुटायची वाट बघायची.